एकशे बारा सह्या आणि एक म्हैस

पोलीस शिपाई तांदळे मोटरसायकलवरून उतरला तेव्हा शेषराव घनघाव दारातल्या बाजेवर बसून डाव्या हातानं दाढी करत होता. उजवा हात मनगटात मोडला होता आणि सरकारी दवाखान्यात बसवला तो जरा तिरकाच बसला होता. तांदळे दिसला तसा शेषराव उठून उभा राहिला. धाकानं नाही, दारात माणूस आलं म्हणून. गेल्या तीन महिन्यांत सरकारी कामाशिवाय त्याच्या दारात कुणी आलं नव्हतं.

"बसा साहेब. चहा ठेवतो."

"चहा नको. इथं सही कर. हायकोर्टाची नोटीस हाय."

"चहा होऊस्तोवर वाचतो की."

शेषराव कागद सावकाश वाचू लागला. सातवी शिकलेला माणूस, दोन मिनिटांत वाचून झालं असतं. पण वाचून झालं की तांदळे जाणार, म्हणून तो एकेक ओळ दोनदा वाचत होता. वर तीन नावं होती. मधे 'विरुद्ध'. खाली महाराष्ट्र शासन, आणि त्याच्या खाली, प्रतिवादी क्रमांक दोन, त्याचं स्वतःचं नाव.

"साहेब, हे विरुद्धच्या खाली माझं नाव कसं? माझ्यावर केस झाली का?"

"आरं बाबा, नाही. त्या तिघांचा जामीन खालच्या कोर्टानं नाकारला. त्या निकालावर ते वर अपिलात गेलेत. ॲट्रॉसिटीत फिर्यादीला विचारल्याबिगर वरचं कोर्ट काही ठरवत नाही. म्हणून तुझं नाव."

"मला विचारणार?"

"तुलाच."

शेषरावानं सही केली. डाव्या हातानं केली, त्यामुळं ती दुसऱ्याच कुणाची तरी दिसत होती. तांदळेनं उभ्याउभ्या अर्धा कप चहा घेतला, मिशी पुसली आणि गेला. शेषरावानं मनातल्या मनात मोजलं: नऊ वाक्यं. सगळी समोरासमोर, तोंडाकडं बघून. महिन्याभरातला सगळ्यात बरा दिवस होता तो.

मोजायची सवय त्याला नोकरीनं लावली होती. खडकवाकी ग्रामपंचायतीचे पाच व्हॉल्व्ह सत्तावीस वर्षं शेषरावाच्या हातात होते. कोणत्या गल्लीला कोणत्या वारी पाणी, किती वाजता सोडलं, किती वाजता बंद केलं, हे सगळं तो वहीत लिहायचा. पुढं एक रकाना त्यानं स्वतःच्या हौसेनं आखला होता: कोण ओरडलं. सत्तावीस वर्षांत त्या वहीत एक आकडा खोटा नव्हता. आणि शेवटच्या रकान्यात गावातलं एक घर सुटलेलं नव्हतं.

जानेवारीतल्या एका बुधवारी भीमनगरची पाळी होती. त्याच दिवशी दिगंबरराव ढग्यांच्या घरी मुलीचं लग्न. लग्नघरी टाक्या भरलेल्या होत्या, पण पाहुणे जास्त झाले. दिगंबररावांचा मुलगा विक्रांत दोघांना घेऊन गाडीनं व्हॉल्व्हवर आला आणि म्हणाला, भीमनगरचं बंद कर, आमच्याकडं फिरव. शेषराव म्हणाला, तासाभरात पाळी संपते, मग फिरवतो. त्यावर विक्रांतनं त्याची जात काढली, आई काढली, आणि त्याच्याच हातातली व्हॉल्व्हची लांब लोखंडी चावी काढून घेऊन त्याच्यावर चालवली. मनगट आणि तीन बरगड्या. पंचनाम्यात पोलिसांनी वही जप्त केली आणि चावीही. सत्तावीस वर्षं जिला चावी म्हटलं, ती कागदावर हत्यार झाली.

पोरं आत गेली आणि गाव शेषरावाशी बोलायचं थांबलं. बहिष्कार म्हणायची सोय नव्हती, कारण बहिष्कार हाही गुन्हा. त्यामुळं गावानं ठराव केला नाही, दवंडी दिली नाही, बैठकही घेतली नाही. नुसती सवय लावून घेतली. दुकानदार शेषरावाला बघून आतल्या खोलीत काहीतरी शोधायला जायचा आणि शेषराव जाईपर्यंत ते सापडायचं नाही. न्हाव्याच्या वस्तऱ्याची धार दर वेळी नेमकी तेव्हाच गेलेली असायची. एकानं केलं तर राग म्हणता येतो, तीनशे घरांनी केलं तर ती गावाची रीत होते, आणि रीतीवर कोणतं कलम लावणार?

भीमनगरात आपली माणसं होती. म्हणजे दिवाळीपर्यंत होती. दिवाळीनंतर अकरापैकी आठ घरं कारखान्याला ऊस तोडायला गेली, ती अक्षय तृतीयेनंतरच यायची. मागं राहिले एक ठार बहिरे आजोबा, एक ओली बाळंतीण आणि शेषराव. बायको जाऊन सहा वर्षं झाली होती. मुलगा संघपाल चाकणला कंपनीत होता. तो दर रविवारी फोन करायचा.

"बाबा, अजिबात मागं हटायचं नाही. जय भीम. मी आहे ना."

"कधी येतोस?"

"सुट्टीचं बघतो. पण तुम्ही हटायचं नाही."

शेषरावाच्या ध्यानात आलं होतं की जो जितका लांब, तितका तो घट्ट. चाकणचा संघपाल घट्ट, मुंबईचा मावसभाऊ त्याहून घट्ट, आणि दुबईला असलेला कुणी एक भीमनगरचा भाचा तर रोज मोबाईलवर मुठी पाठवत होता.

गावात राहून बोलणारी एकच होती, तीही शेषरावाशी बोलत नव्हती.

सोजरबाई ही दिगंबररावांची विधवा चुलती. तिसऱ्या व्हॉल्व्हच्या पलीकडं, ढग्यांच्या मळ्याच्या कडेला तिची एका खोलीची वस्ती. भाकरीचं पीठ, मीठमिरची दिगंबररावांच्या घरून यायचं. दारात खुंट्याला मथुरा नावाची म्हैस. शेषराव हाताला पट्टी बांधायला एसटीला निघाला की तिच्या दारावरून वाट. फेब्रुवारीतल्या एका सकाळी तो तिथून चालला असताना सोजरबाई म्हशीच्या पाठीवर हात फिरवत म्हणाली,

"मथुरे, ह्या तिसऱ्या व्हॉल्व्हाला किती फेरे देत्यात गं? दिगूचा मेहुणा नेमलाय आता पाण्यावर. ते बाबा वीस-वीस फेरे देतंय अन् नळाला नुसती हवा सुटती."

शेषराव थांबला. त्यानं इकडंतिकडं बघितलं. सोजरबाई त्याच्याकडं बघतच नव्हती. मग त्यानंही म्हशीकडं बघितलं.

"मथुरे, साडेसात. आठवा दिला की लाईन हवा धरती."

"ऐकलंस का मथुरे, साडेसात म्हणं."

मथुरेनं कान हलवला. त्या दिवसापासून हे सुरू झालं. सोजरबाईला शेषरावाशी बोलायचं नव्हतं, तसं तिनं दिगूला कबूल केलं होतं, आणि तिनं शब्द मोडला नाही. ती म्हशीशी बोलायची. मथुरे, हात बरा हाय का? मथुरे, डाक्टर काय म्हणला? शेषराव म्हशीला सांगायचा: मथुरे, डॉक्टर म्हणतो आता वजन उचलायचं नाही. एकदा सोजरबाईनं गोठ्याच्या भिंतीवर बाजरीची भाकरी आणि ठेचा फडक्यात बांधून ठेवला आणि म्हशीला दम भरला, "मथुरे, खाऊन घे गुमान, गार व्हायलंय." म्हशीनं ठेचा खाल्ल्याचं आजवर कुणी बघितलेलं नाही. फडकं दुसऱ्या दिवशी धुऊन भिंतीवर परत आलं.

ही एवढी एक ओळ शेषरावाच्या खात्यावर जमा होती.

नोटीस आल्याचं गावाला तासाभरात कळलं, आणि दुसऱ्याच दिवशी दिगंबरराव स्वतः भीमनगरात आले.

"शेषराव, आहेस का?"

सत्तावीस वर्षं 'शेष्या' म्हणणारं तोंड 'शेषराव' म्हणताना जरा अडखळलं. दिगंबरराव बाजेवर बसले. हाही पहिलाच प्रसंग. बाज किती भार घेते ते त्यांनी आधी हातानं दाबून बघितलं.

"पाणी आणू?" शेषराव म्हणाला.

"आत्ताच पिऊन निघालो."

"तुमच्याच टाकीचं हाय."

दिगंबरराव हसले. ते हसायला कधी कमी पडत नसत. मग त्यांनी खिशातून कागद काढला. "पोरं आहेत, शेषराव. लग्नघर, गडबड, डोकं फिरलं. तीन महिने झाले आत आहेत. वकिलानं कागद केलाय. गावात सलोखा आहे, जामिनाला माझी हरकत नाही. एवढंच. खाली सही."

"सलोखा हाय?"

"तू सही केलीस की आहे."

"अन् आत्ता?"

"आत्ता काय? कुणी तुला काही बोलतं का?"

"नाही. कुणीच काही बोलत नाही."

"मग?"

दिगंबररावांनी आवाज खाली आणला.

"हे बघ. मेहुण्याला माझ्या ते पाणी जमत नाही. सही झाली की पंचायतीची चावी पुन्हा तुझ्याकडं. गावही बोलायला लागंल."

"म्हणजे गावानं न बोलायचं ठरवलं होतं?"

"छे. ठरलं कुठं होतं? काहीच ठरलेलं नाही."

"मग मोडणार काय?"

"म्हणून तर मोडायला सोपं," दिगंबरराव म्हणाले आणि पुन्हा हसले.

शेषराव म्हणाला, विचार करतो. आणि इथं त्याच्या लक्षात एक गंमत आली. विचार करतो म्हटल्यावर माणसं येऊ लागली. दुसऱ्या दिवशी दुकानदार आला. मग न्हावी. मग पोलीस पाटील, शाळेचे गुरुजी, सोसायटीचे चेअरमन. सगळे बाजेवर बसायचे, समजूत घालायचे, हवापाण्याचं बोलायचे, जुन्या आठवणी काढायचे. न्हाव्यानं तर जाता जाता दाढीवरून हात फिरवून "डाव्या हातानं लई वाकडी झालीय, ये एकदा" असंही म्हटलं. होय म्हटलं तर बैठक उठणार होती, नाही म्हटलं तरी उठणारच होती. विचार चालू होता तोवरच दारात माणसं होती. म्हणून शेषराव आठ दिवस विचार करत राहिला. खरं सांगायचं तर तो विचार वगैरे काही करत नव्हता. माणसं ऐकत होता.

प्रत्येकाला त्यानं चहा ठेवला. आठ दिवसांत अकरा जण आले. अकराही जणांचा चहा आत्ताच झालेला होता.

आठव्या दिवशी सगळे गेल्यावर शेषराव अकरावा कप हातात घेऊन बसला. गार झालेला चहा त्यानं पिऊन टाकला, टाकायचा कशाला. मग कप विसळला आणि दिगंबररावांना निरोप पाठवला की सही जमणार नाही.

दुसऱ्या दिवसापासून बाज मोकळी.

सोजरबाई मात्र दारात होती. "मथुरे, काल माझाबी अंगठा नेला गं कागदावर. म्हणले सलोख्याचा हाय. मी म्हणलं, सलोख्याला कोण नाही म्हणंल?"

शेषरावानं चप्पल झटकली. "मथुरे, बरं केलं. ज्या घरचं पीठ खायचं, त्या घरी अंगठा द्यावाच लागतो."

"तसंच हाय बाई," सोजरबाई म्हशीला म्हणाली आणि तिच्या पाठीवरची गोमाशी उगाचच दोनदा हाकलली.

एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात तारीख पडली. शेषराव आदल्या दिवशी दोन एसट्या बदलून शहरात पोचला, स्टँडवरच आडवा झाला, आणि सकाळी खंडपीठाच्या आवारात गेला. त्याच्यासाठी कोर्टानं एक वकील नेमून दिली होती, फरहीन नाव. वय सत्तावीस-अठ्ठावीस, हातात फायलींचा गठ्ठा, बोलताना डोळे घड्याळावर. पण ती शेषरावाला 'काका' म्हणाली, आणि तोंडाकडं बघून म्हणाली. शेषरावानं नोंद घेतली.

"काका, नीट ऐका. त्यांच्या वकिलाचा भर एकाच गोष्टीवर आहे. दोषारोपपत्र दाखल झालंय, जप्ती झालीय, आणि गावात आता शांतता आहे. हे बघा, गावकऱ्यांची प्रतिज्ञापत्रं. एकशे बारा."

शेषरावानं यादी हातात घेतली. नावावरून त्याला माणूस आठवण्याआधी नळ आठवत होता. हा दुसऱ्या व्हॉल्व्हचा, याची तोटी गळते. हा चौथ्याचा, यानं मोटार लावून पाणी ओढलं होतं. "यातले हे तिघं गावात राहतच नाहीत," तो म्हणाला. "अन् हे धोंडिबा, हे तर दर आठवड्याला मरायला टेकत्यात, ह्यांनी सही कधी केली?" मग त्याचं बोट सत्तेचाळीस नंबरवर थांबलं. सोजरबाई ढगे, डाव्या हाताचा अंगठा.

"यांच्यातलं कुणी तुमच्याशी बोलतं?" फरहीननं विचारलं.

"नाही."

"कुणीच नाही?"

"कुणीच नाही."

"बस. साहेबांनी विचारलंच तर एवढंच सांगायचं. लांबवायचं नाही, रडायचं नाही, जुनं काढायचं नाही. कुणीच नाही."

"कुणीच नाही," शेषराव घोकल्यासारखा म्हणाला.

कोर्टात पंखे फिरत होते आणि सगळं इंग्रजीत चाललं होतं. त्यांचा वकील उंचापुरा, आवाज गोड. तो न्यायमूर्तींकडं बघून शेषरावाबद्दल बोलत होता. सरकारी वकीलही न्यायमूर्तींकडं बघून शेषरावाबद्दल बोलले. मग फरहीन उठली, तीही न्यायमूर्तींकडं बघूनच. मधूनच त्याचं नाव यायचं, किंवा 'नंबर दोन' असं काहीतरी, आणि शेषराव मान वर करायचा, पण त्याच्याकडं कुणाचंच लक्ष नसायचं. त्याला एकाएकी मथुरा आठवली. तिच्या समोर उभं राहून दोघं बोलतात आणि ती आपली कान हलवते. बिचारीला काय वाटत असेल, असं आज पहिल्यांदाच त्याच्या मनात आलं.

मागच्या बाकावर दिगंबरराव बसले होते. पांढरे कपडे, मांडीवर टोपी.

न्यायमूर्ती म्हातारे होते, चष्मा नाकाच्या टोकावर. त्यांनी यादी उलटीपालटी करून बघितली आणि मराठीत विचारलं, "फिर्यादी आलेत का?"

फरहीननं शेषरावाला पुढं ढकललं.

"तुम्ही शेषराव घनघाव?"

"होय साहेब."

"ही एकशे बारा माणसं म्हणतात, गावात सलोखा आहे. तुमचं काय म्हणणं?"

"साहेब, माझ्याशी कुणी बोलत नाही."

"कुणीच नाही? एकशे बारा माणसांमधून एकही नाही?"

फरहीननं हळूच मान हलवली. दोन शब्दांचं काम होतं. शेषरावानं तोंडही उघडलं. पण न्यायमूर्तींनी आकडा विचारला होता, आणि आकडा विचारला की शेषरावाच्या आत वही उघडायची. कुणीच नाही म्हणजे शून्य. शून्य लिहायचं तर भिंतीवरची ती भाकरी कुठं मांडायची? हात बरा आहे का, हे दोन महिने जिनं येताजाता विचारलं, तिचं नाव खोडायचं? आणि नाही खोडलं तर मागच्या बाकावर टोपी आहे. न्यायमूर्ती वाट बघत होते. पंखा फिरत होता.

"कुणीच म्हणता येणार नाही साहेब," शेषराव म्हणाला. "एक हाय."

फरहीननं डोळे मिटले. गोड आवाजाचा वकील अर्धा उठला.

"कोण?"

"नाव नाही सांगत साहेब. त्या माणसाला तरास व्हईल."

"तुमच्याशी बोललं म्हणून त्रास होईल?"

"माझ्याशी नाही बोलत साहेब. म्हशीशी बोलतं. मला जे विचारायचं ते म्हशीला विचारतं. मी म्हशीला सांगतो."

कोर्टात हशा पिकला. मागं उभे असलेले वकील, शिरस्तेदार, दाराशी उभा शिपाईसुद्धा हसला. न्यायमूर्ती हसले नाहीत. त्यांनी चष्मा वर सरकवला आणि विचारलं,

"काय विचारतात म्हशीला?"

"हात दुखतो का म्हणून, साहेब."

हसणं थांबलं. न्यायमूर्तींनी काहीतरी लिहून घेतलं. गोड आवाजाचा वकील म्हणाला की यावरून गावात संवाद सुरू असल्याचंच दिसतं. न्यायमूर्तींनी त्याच्याकडं इतका वेळ बघितलं की तो बसला. मग त्यांनी इंग्रजीत निकाल सांगायला सुरुवात केली. शेषरावाला त्यातला एकच शब्द कळला, बफेलो. तो दोनदा आला.

बाहेर व्हरांड्यात फरहीननं फायली बगलेत मारल्या. ती रागावली होती आणि खूषही होती, आणि दोन्हींसाठी तिच्याकडं वेळ कमी होता.

"काका, मी काय सांगितलं होतं? कुणीच नाही म्हणा! तुम्ही तर..." ती थांबली. "जाऊ दे. विक्रांत आणि दुसऱ्याचं अपील फेटाळलं. तिसरा नुसता गाडीपाशी उभा होता, त्याला दिला, पण खटला संपेपर्यंत तालुक्यात पाऊल टाकायचं नाही. साहेब म्हणाले, ज्या गावात माणसाशी बोलायला म्हैस मधे घ्यावी लागते तिथं साक्षीदार मोकळे आहेत असं म्हणता येत नाही. तुम्ही शून्य सांगितलं असतं तर कदाचित विश्वासही बसला नसता. तुमच्या म्हशीनं काम केलं बघा."

"म्हैस माझी नाही, ताई."

"कुणाची का असेना. चला, मला दुसरी मॅटर आहे." दोन पावलं जाऊन ती मागं वळली. "काका, जेवून जा. गेटबाहेर पोळीभाजी मिळते."

गेटबाहेर लिंबाखाली दिगंबरराव गाडीची वाट बघत उभे होते. शेषराव खाली बघून निघून चालला होता. दिगंबरराव आज हसले नाहीत, पण ओरडलेही नाहीत. टोपी डोक्यावर नीट बसवत, जवळजवळ मायेनं म्हणाले,

"शेष्या, मथुरा ना?"

शेषरावाच्या एसटीच्या वाटेवर, तिसऱ्या व्हॉल्व्हापाशी, एकच म्हैस होती, आणि ती कुणाच्या दारात बांधलेली, हे दिगंबररावांना सांगायची गरज नव्हती. कडबाही त्यांच्याच मळ्यातला होता.

पोळीभाजी त्यानं खाल्ली नाही. परतीच्या वाटेवर संघपालचा फोन आला. "बाबा, जिंकलो! ग्रुपवर टाकलंय मी. सगळे तुमचं नाव घेतायत." शेषराव म्हणाला, "कोण सगळे?" संघपालनं पाचसहा गावांची नावं सांगितली. खडकवाकी त्यात नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो एसटीतून उतरून पायवाटेनं आला. तिसऱ्या व्हॉल्व्हापाशी खुंटा होता, दावं नव्हतं. शेणही वाळलेलं. सोजरबाईचं दार लोटलेलं. भिंतीवर फडकं नव्हतं. शेषराव थोडा वेळ उभा राहिला. मग खाकरला. दाराआडून काही आलं नाही.

चौथ्या दिवशी त्याला कळलं, म्हैस विकलेली नव्हती. मागच्या अंगाला, कडब्याच्या गंजीपलीकडं नेऊन बांधली होती. वाटेवरून दिसायची नाही. पीठमीठ बंद झालं की चालू आहे, हे कळायला मार्ग नव्हता. विचारायचं तर म्हैस मधे नव्हती.

बुधवारी तो दवाखान्याला निघाला. दिगंबररावांचा मेहुणा तिसऱ्या व्हॉल्व्हाच्या खड्ड्यात वाकून चावी फिरवत होता. नवी चावी, नवी कोरी, पंचायतीची. त्यानं शेषरावाला बघितलं आणि न बघितल्यासारखं केलं. आणि तेवढ्यात गंजीपलीकडून सोजरबाईचा आवाज आला. ती मथुरेशी बोलत होती.

सोजरबाईचा आवाज मुळात बारीक. म्हशीसाठी इतक्या मोठ्यानं बोलायची गरज तिला आजवर कधी पडली नव्हती. मधे खोली होती, गंजी होती, वारंही उलटं होतं. आवाज पोचत होता, शब्द पोचत नव्हते. शेषराव जागच्या जागी थांबला आणि कान देऊन उभा राहिला. प्रश्न होता एवढं सुरावरून कळत होतं. हाताचा होता, की कोर्टाचा, की 'कामून सांगितलंस' असा होता, ते काही कळेना.

मेहुणा फेरे देत होता. शेषराव न मोजता राहू शकत नव्हता. सहा. सात. साडेसात. आठ. नऊ. पाईपात ओळखीची घरघर सुरू झाली. लाईन हवा धरत होती. आता वरच्या गल्लीला दोन तास नुसता फुसफुसाट, आणि भीमनगरला काहीच नाही.

शेषराव मोकळ्या खुंट्याकडं वळला.

"मथुरे," तो खुंट्याला म्हणाला, "साडेसात. आठवा द्यायचा नाही."

मेहुण्यानं मान वर केली नाही. जरा वेळ तसाच वाकून राहिला. मग दीड फेरा उलटा फिरवला.

गंजीपलीकडचा आवाज थांबला होता. तिनं ऐकलं असेल, असं शेषरावाला वाटलं, आणि ती आता काहीतरी उत्तर देईल म्हणून तो आणखी थोडा थांबला. पण तोवर पाईपात पाणी चढलं होतं, सळसळत, धडका देत वर निघालं होतं, आणि त्या आवाजात दुसरं काहीच ऐकू येत नव्हतं.